शिळा उजेड

मंगळवार, दुपार

धाकटे,

आशीर्वाद पोचले असतीलच, आई ते रोज पाठवत असते. मी बरी आहे. आईला नवा चष्मा लागला. त्यातून तिला स्वयंपाकघरातली सगळी जळमटं दिसायला लागली आहेत, त्यामुळे माझ्यामागे हात धुऊन लागली आहे. न्हाणीघरातला नळ अजून गळतो. प्लंबर 'उद्या येतो' म्हणाला, पण त्याचा उद्या काही उजाडत नाही.

तुझं पत्र मिळालं. परिषदेनं आपला उजेडाचा सिद्धांत ऐकून घ्यायचं ठरवलं, पुढच्या आठवड्यात तुझं व्याख्यान आहे, फक्त पुराव्यापाशी घोडं अडलं आहे. 'ताई, तूच काहीतरी सुचव,' असं लिहिलंस. शेवटच्या दोन ओळींत घाईघाईनं हेही लिहिलंस, की निबंधावर तुझं एकटीचं नाव गेलं आहे. कारण काय, तर मला चारचौघांत बोलायचा कंटाळा, आणि जावईबापूंचं म्हणणं पडलं की दोन नावं असली की परिषदेचा गोंधळ होतो. एवढी शहाणीसुरती माणसं, आणि दोन नावांनी गोंधळतात. असो.

आई हरखून गेली आहे. समोरच्या शिवणवाल्या बाई अभिनंदन करून गेल्या. मीही हसले. खरं सांगायचं तर तेव्हा तुझं कारण मला पटलं होतं. 'कंटाळा आहेच मला,' असं आईला म्हणालेसुद्धा.

तर पुराव्याचं. सगळं जग मानतं की बंद खोलीत उजेड राहतो तो भिंतींमुळे. चुन्याच्या भिंतीत जास्त, मातीच्या भिंतीत कमी. म्हणून घरोघरी खोली बंद करण्याआधी दार-खिडकी सताड उघडून, काळं फडकं झटकून उजेड झाडतात. नाहीतर दुसऱ्या दिवशी दार उघडावं, तो कालचं भांडण पुन्हा डोळ्यांपुढे, आवाज तेवढा नाही. आपल्याला पहिली शंका आली ती आंधळ्या मावशीमुळे. तिच्याही खोलीला चुनाच होता, आणि ती जन्मात कधी उजेड झाडायची नाही, तरी तिच्याकडे तो कधी शिळा राहिला नाही. तू तेव्हा फ्रॉकमध्ये होतीस. म्हणालीस, "ताई, तिथे बघणारंच कुणी नाही ना!" हे तुझं वाक्य, मी कधी नाकारलं नाही. त्यावरून सिद्धांत मी उभा केला: पाहिलेला उजेड थांबतो, न पाहिलेला निघून जातो. तो तपासायला उजेड कोंडायची पेटी दोघींनी बनवली. झाकणावर नावं तू खिळ्यानं कोरलीस, माझं वर, कारण मी मोठी.

पण पेटी काही साथ देईना. चमचा ठेवा, बाटली ठेवा, टक लावून बघा, उघडल्यावर सगळं सारखंच पुसट. परिषदवाले म्हणणारच, भिंती धरतात म्हणून. आपलं कुठे चुकत होतं ते मला आता कळलं आहे. कसं कळलं तेही सांगते, जरा दम धर.

आईला चष्म्यासाठी नेलं त्या दिवशी तुम्ही दोघं पेटी न्यायला आला होतात. किल्ली तुझ्याकडे होतीच, आणि येणार म्हणून सांगितलंही होतंस. त्यानंतर मी मागच्या खोलीत फिरकलेच नव्हते. तिथे पेटी नसणार, मग कशाला जा? तुझं पत्र आलं तेव्हा मात्र वाटलं, चला, धाकटीला पुरावा हवा आहे, बसावं जरा डोकं खाजवत.

दार उघडलं आणि दचकले. खोलीत उजेड शिळा होता.

उजेड न झाडता गेलीस, तू गं? फडकं झटकल्याशिवाय आई तुला उंबरा ओलांडू द्यायची नाही, आणि तू माझ्या चुका काढायचीस. पण आल्याआल्या तुम्ही खिडकी लावून घेतलीत ना, शिवणवाल्या बाईंना दिसू नये म्हणून. मग निघायच्या गडबडीत दारही तसंच ओढून घेतलंत.

आधी कानस दिसली, पुसटशी. मग जावईबापूंची बोटं. मग झाकण, आणि त्यावरचं वरचं नाव. ते घासत होते. झाकण हलू नये म्हणून दोन्ही हातांनी कुणी दाबून धरलं होतं, ते तुला सांगायला नको. मध्येच त्यांनी फुंकर मारून भुसा उडवला, मग पुन्हा कानस. मी दारात उभी राहून ते सगळं बघत होते. ओरडावंसं वाटत होतं, पण कुणावर ओरडणार?

बाकी खोली काळीकुट्ट होती. कपाट नाही, टेबल नाही, भिंत तर नाहीच नाही. पण एक वस्तू पहिल्यापासून शेवटपर्यंत लख्ख होती. माझी खुर्ची. पाठीचा वेत सुटलेली, आईची जुनी उशी ठेवलेली. जावईबापूंची नजर कामावर होती. एकदाच त्यांनी वर पाहिलं, तेव्हा तुझा चेहरा क्षणभर पुसटसा दिसला, आणि तू कुठे बघत होतीस ते मला दिसलं.

मग सगळं ओसरलं. शिळा उजेड एकदाच दिसतो. कुणाला दाखवायला माझ्याकडे काहीही उरलेलं नाही.

मी त्या खुर्चीत बसून खूप रडले. आईला सांगितलं, जळमटं काढताना डोळ्यांत धूळ गेली. जावईबापूंचा मला राग नाही, ते दुसऱ्या घरचे, त्यांना माझं काय? तुझं लक्ष नव्हतं, नवऱ्यापुढे तुझं काही चाललं नाही, असं असतं तर मी जन्मभर तुझीच बाजू घेतली असती. पण तू सगळा वेळ माझ्या जागेकडे बघत होतीस, आणि झाकणावरचा हात काही काढला नाहीस. तुला कळत होतं. कळून केलंस.

आता तुझा पुरावा. नुसतं बघून उजेड लख्ख थांबत नाही. नजर काढून घ्यावीशी वाटते आणि काढता येत नाही, असं बघावं लागतं. चमच्यात कुणाचा जीव अडकतो? इथे एकाच खोलीत, त्याच भिंतींमध्ये, खुर्ची लख्ख आणि कपाट गायब. याला भिंतवाल्यांकडे उत्तर नाही.

मला हे गिळून गप्प बसता आलं असतं. पण सिद्धांत माझाही आहे, आणि तुझ्या करणीपायी तो पडलेला मला बघवणार नाही. म्हणून सांगते तसं कर. व्याख्यान संपलं की सभागृह रिकामं करून, उजेड न झाडता दार लावून घ्यायला सांग. मग सगळ्यांसमोर अध्यक्षांना दार उघडू दे. पहिल्या रांगेत माझ्यासाठी एक खुर्ची राखून ठेव. शेजारी आई बसेल, नवा चष्मा लावून. तिला यातलं काही ठाऊक नाही.

मी येणार नाही.

बोलताना तू कुठे बघत होतीस, ते नंतर सगळ्यांना दिसेल. तोच तुझा पुरावा. ही खुर्ची कुणाची, असं कुणी विचारलं तर काय सांगायचं, ते तुझं तू ठरव.

झाकणावरचं घासलंच आहेस, तेव्हा इथेही नाव घालत नाही.

ताई