काचेवर मोजलेलं झाकण

४ मार्च १९७४, सोमवार
ड्रॉइंग ऑफिसात कॉम्प्युटर आला. टीव्हीसारखी काच. वायरीला बांधलेलं पेन तिच्यावर टेकवून सरकवलं की रेघ उमटते. निव्वळ पोरखेळ. मी सव्वीस वर्षं पंपांची ड्रॉइंग्ज काढतोय. या नव्या विभागाला प्रमुख नेमणार आहेत. माझ्याशिवाय आहे कोण? बायकोला सांगूनही टाकलं.

५ मार्च
रोज सकाळी आठला शिकवणी. शिकवणार कॉम्प्युटरवाल्या बाई, माझ्या थोरलीच्या वयाच्या. असो. उद्यापासून नक्की.

६ मार्च
गेलो नाही. पेन्सिलींना टोकं करायची होती.

११ मार्च
पाठ धरली आहे. शिवाय प्रमुखाने यंत्राला हात लावायचा नसतो, नजर ठेवायची असते. बायको म्हणाली, पण कशावर नजर ठेवतोय ते कळायला नको? तिला ऑफिसातलं काही कळत नाही.

१४ मार्च, दुपारी ३
संधी! नव्या पंपाच्या झाकणाचं ड्रॉइंग वर्कशॉपला आजच हवं. कागदावर छापणारं यंत्र बंद, बाई मेकॅनिकला आणायला गेलेल्या. काचेवर अख्खा पंप दिसत होता. सरळ काचेला स्केल लावलं, झाकण मोजलं, हाताने ड्रॉइंग काढलं, सही ठोकली. वीस मिनिटांत! झाकण जरा लहान वाटलं. कॉम्प्युटरने लोखंड वाचवलं असणार. तेवढं श्रेय त्यालाही द्यायला हवं.

१५ मार्च
चैन पडत नाही. चार वेळा साहेबांच्या केबिनवरून गेलो. हाक नाही. नेमणुकीचं पत्र टाइप होत असावं.

१८ मार्च
फिटर झाकण घेऊन आला. तळहातावर. म्हणाला, पंपाचं आहे की दौतीचं? सगळं ऑफिस फिदीफिदी हसलं. बाईंनी सांगितलं, काचेवरचं चित्र हवं तेवढं लहानमोठं करता येतं, खरी मापं कॉम्प्युटरला विचारायची असतात. पहिल्याच तासाला शिकवलं होतं म्हणे. साहेब भडकले. बाई म्हणाल्या, चूक माझी, मी चित्र तसंच सोडून गेले. मी पेन्सिलीला टोक करत राहिलो. सही माझी होती. फार लाज वाटली.

२० मार्च
बाई प्रमुख झाल्या. मी मोठ्या मनाने अभिनंदन केलं. शिकवणीच्या यादीत माझं नाव पहिलं आहे. ज्येष्ठतेमुळे असेल.

२१ मार्च, सकाळी ९
गेलो. धडा पहिला, सरळ रेघ. सात वेळा काढली. बाई हळूच म्हणाल्या, काका, घाई नाही, पुन्हा काढा.