बावखलातल्या दोन करवंट्या

वाघोली, ता. वसई, जि. ठाणे
३ जुलै १९८२

चि. सरला हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझे गुणपत्रक पोहोचले. 'तरंग' या एका पेपरात तू अनुत्तीर्ण झाली आहेस. बाकीचे सगळे सुटले ना, असे म्हणून तुझ्या आईने देवापुढे साखर ठेवली. मला इतक्या स्वस्तात समाधान होत नाही. ऑक्टोबरात हा पेपर सुटला नाही, तर पदार्थविज्ञान सोडून येत्या जूनपासून वाणिज्य शाखेत नाव घालावयाचे, हा माझा निर्णय आहे. तेथे निदान आपण काय शिकतो हे शिकणाऱ्यास ठाऊक असते.

हे मी अभ्यास न करता लिहीत नाही. मे महिन्यात तू घरी विसरलेले पुस्तक पहिल्या पानापासून वाचावयास घेतले आहे. दुसऱ्याच प्रकरणात लेखक म्हणतो की लाट पुढे जाते, पाणी मात्र जागच्या जागी राहते. उत्तरपत्रिकेत तूही हेच लिहिले असशील, तर परीक्षकास दोष देता येत नाही. खुलासा करावा.

रागावलो असलो तरी आशीर्वाद आहेतच.
आत्माराम


पुणे, ११ जुलै १९८२

ती. अण्णांस,
सा. न. वि. वि.

पत्र मिळाले. ते आईला वाचून दाखवू नका, असे लिहिणार होते. पण तुम्ही दाखवले असणारच.

लेखक बरोबर आहे. केळीच्या वाडीमागे आपले बावखल आहे, त्या तळ्यात वारा पडलेला असताना एक करवंटी तरंगत सोडा आणि थोड्या अंतरावर धोंडा टाका. लाट काठाला पोहोचेल, करवंटी तिथल्या तिथे वरखाली होईल.

अण्णा, मला हाच विषय शिकायचा आहे. जमाखर्चाची नुसती पाटी पाहिली तरी मला जांभई येते, हे तुम्हांला लहानपणापासून माहीत आहे. ऑक्टोबरपर्यंत धीर धरा.

आईला नमस्कार. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नये.
सरला


वाघोली, ६ ऑगस्ट १९८२

चि. सरला हिस,
आशीर्वाद. वि. वि.

करवंटी जागची हलली नाही, हे मान्य. परंतु परवा नारळी पौर्णिमेस आम्ही उभयता कळंबला गेलो. तुझ्या आईने गुडघाभर पाण्यात उतरून समुद्रास वाहिलेला नारळ चार लाटांत परत तिच्या पायाशी आला. समुद्राने नारळ नाकारला, असे म्हणून तिने तोंड पाडले व त्याचा संबंध थेट तुझ्या परीक्षेशी जोडला. लाट काहीच वाहून आणीत नाही, असे मी तिला भर गर्दीत समजावू लागलो, तो नारळ हातात धरून ती मजकडे पाहत राहिली. भोवतालची मंडळी हसली. नारळ कोणी आणला, याचे उत्तर द्यावे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर. सहाव्या प्रकरणात एका लाटेचे शिखर दुसरीच्या खळग्यास भेटते आणि तेथे दोन्ही नाहीशा होतात. दोन्ही लाटांत ऊर्जा आहे, असे याच गृहस्थाने तिसऱ्या प्रकरणात लिहून दिले आहे. मग ती गेली कोठे? असा हिशेब माझ्या कचेरीत कोणी आणला असता, तर मी त्यास घरी पाठवले असते. समासात 'पाठ करणे' असे तुझ्या अक्षरात आहे. पाठ करण्यापूर्वी हे कोणास विचारले होतेस काय?

प्रकृतीस जपावे.
आत्माराम


पुणे, २९ ऑगस्ट १९८२

ती. अण्णांस,
सा. न. वि. वि.

नारळाचे सोपे आहे. ते विधान खोल पाण्यातल्या लहान लाटांपुरते. पहिल्या पानावर तशी अट छापली आहे. तुम्ही एखादी अट वाचायचे सोडले, हे मी प्रथमच पाहते! काठाशी लाट फुटते तेव्हा पाणीच पुढे धावते. समुद्राने काही नाकारले नाही, आईने नारळ फार अलीकडे वाहिला, एवढेच.

ऊर्जेचे उत्तर मात्र मला आले नाही. सरांना विचारले, तर हे परीक्षेत येत नाही म्हणाले. तुमचा इतका संताप आला की जेवण जाईना. मग लक्षात आले की मी ते सूत्र पाठच केले होते, प्रश्न मला पडलाच नव्हता. नापास झाले ती याच पायी.

आता ऐका. खळग्याला शिखर भेटते तिथे शून्य. पण दुसरीकडे शिखराला शिखर भेटते, तिथे उंची दुप्पट होते आणि ऊर्जा चौपट. एकीकडे शून्य, एकीकडे चार, सरासरी दोन. दोन लाटांनी मिळून दोनच आणले होते. काही बुडाले नाही, फक्त जागा बदलली.

पटत नसेल तर एका बांबूला हातभर अंतरावर दोन करवंट्या बांधा आणि दोन्ही एकदम पाण्यावर आपटत राहा. शांत पट्टे दिसतील.

रागवा, पण पत्र पाठवत राहा.
सरला


वाघोली, १२ सप्टेंबर १९८२

चि. सरला हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

हिशेब जुळला. प्रयोगही केला. त्यात माझा चष्मा बावखलात पडला, सबब हे पत्र जुन्या चष्म्याने लिहीत आहे. अक्षरास हसू नये.

जूनचा निर्णय मागे घेतला आहे, ऑक्टोबरात निकाल काहीही लागो. परीक्षेत न येणाऱ्या प्रश्नापायी जेवण सोडणारी मुलगी वाणिज्य शाखेत घालणे, हा त्या शाखेवरही अन्याय होईल.

तुझी आई काठावर छत्री धरून मला नावे ठेवीत उभी होती. दोन्हीकडून पाणी उसळत असता एक पट्टा स्वस्थ कसा राहतो, ते मी तिला दाखवले. बराच वेळ पाहून ती म्हणाली की आपण दोघे एकदम बोलू लागलो की सरला गप्प बसायची ती हीच जागा. अगदी मधोमध नव्हे, जरा बाजूला, भाताच्या कणगीपाशी.

दिवाळीस येशील तेव्हा कणगीपाशी बसू नये. ओटीवर माझ्यासमोर बसावे आणि वाद घालावा. सातवे प्रकरणही मला मुळीच पटलेले नाही.

तुझा,
अण्णा