नदीतला खोळवाला

५ डिसें., पिंपळवंडी
जुन्या युद्धाच्या रिळांतला तोच शॉट दिवसभर. एकाहत्तरचे जवान धुक्यात नदी ओलांडतायत. एकाने ब्लँकेटची खोळ करून डोक्यावर घेतलीय, थेट आपल्या मेंढक्यांसारखी. चेहरा झाकलेला. पलीकडे पोचायच्या आत रीळ संपतं. एडिटमध्ये मी त्याला पाण्यातच ठेवलंय. पुढे जातो, मागे येतो. माझी फिल्म म्हणजे एवढंच. बघायला कुणी नाही. पुण्याचे मित्र फोन उचलत नाहीत. हल्ली त्या खोळवाल्याशीच बोलते.

८ डिसें.
शेजारच्या सारजाआजींना शॉट दाखवला. मेंढक्यांच्या घरातल्या, म्हटलं खोळ ओळखतील. तर त्यांनी पडद्यावर बोटच टेकवलं.
"आमचं मालक हायेत ह्ये."
नवरा त्याच लढाईत बेपत्ता. कुठे, ते कुणी धड सांगितलंच नाही. बाई अजून कुंकू लावतात.
"आजी, तोंड कुठे दिसतंय?"
"समदे मेंढके खोळीचं टोक उजव्या खांद्यावर सोडत्यात. ह्ये तेवढं डाव्या. लई बोलायची मी त्येंना."
तो शॉट मी आरशासारखा उलटा केलाय. मूळ रिळात टोक उजवीकडेच आहे.
त्यांना पाणी आणून दिलं.

९ डिसें.
आल्या. बघितलं. बिबट्याच्या भीतीने उजेडातच गेल्या. शॉट उलटा केल्याचं आज सांगणार होते.

१३ डिसें.
रोज येतात. भाकरी आणतात, माझ्याबरोबर जेवतात. किती दिवसांनी कुणी विचारलं, "मीठ बरं हाय का?" रडूच आलं. उद्या नक्की सांगते. (नऊ तारखेलाही असंच लिहिलंय.)

१६ डिसें.
आज चिडल्या. "सारखं मागं का वढतीस त्येंना? पाणी गार आसल. जाऊ दे की पल्याड."
पलीकडचं चित्रीकरणच नाही, म्हटलं.
"मग तू कर. तुला येतंय की समदं."

१९ डिसें.
सकाळी शॉट सरळ करून ठेवला. टोक उजव्या खांद्यावर. आता तो कुणीही आहे. खरं सांगितलं तर त्या परत कशाला येतील? आणि त्यांचा माणूस मी दुसऱ्यांदा हरवणार. नाही सांगितलं तर...

संध्याकाळ
आल्यात. ओतूरला जाऊन हिरव्या बांगड्या भरून आल्यात. पडद्यासमोर बसून चहा घेतायत, मी स्वयंपाकाच्या ओट्याशी उभी राहून हे लिहितेय. शॉट अजून सरळच आहे.
"पोरी, लाव की गं."