पालथी न ठेवलेली घागर

बा, तुझ्या माघारी सिरोंचाच्या घाटाजवळ पूल झाला. लोक बसमध्ये बसल्या बसल्या प्राणहिता ओलांडतात, पाण्याकडे पाहतही नाहीत. मला मात्र अजून तुझा डोंगा दिसतो. मासोळीत तू घातलेल्या अंबाडीचा आंबट वास येतो. डोंग्यात कुणी पाय ठेवायच्या आधी तू म्हणायचास, "जोडे हातात घ्या." पाटील असो की लाकूडतोड्या, तुझं एकच.

एकोणीसशे पन्नासच्या आसपासचे ते दिवस. पलीकडच्या जमीनदाराच्या माणसांनी मामाला चिंचेला बांधून मारलं, तेव्हा मी जमीनदारांशी लढणाऱ्या बंदूकवाल्यांत गेले. तू अडवलं नाहीस. "येळेवर जेवत जा," एवढंच म्हणालास.

वर्षभरानं आमच्या दलाच्या म्होरक्या बाईनं, अक्कानं, मला घाटावर पाठवलं. तुझ्या डोंग्यातून पोलीस येणार होते. ते दिसले की मी घागर पालथी ठेवायची, मग झाडीतून आमचे लोक गोळ्या घालणार.

"अन् माहा बा?"

"ढिवर हाय ना तो, पान्यातला मानूस? पह्यल्या गोळीले बुडी मारन अन् तुह्याआधी घरी पोचन," ती हसून म्हणाली. ते खरंच होतं.

दुपार आहे. मी गुडघाभर पाण्यात उभी आहे. डोंगा जवळ येतो तसं बोलणं ऐकू येतं.

"काऊन बे, देवळात बसलो काय आम्ही?" एक पोलीस तुला विचारतो.

"देवळातले जोडे चोरीले जातेत, साहेब. इथले नाई जात."

सगळे हसतात. चौघे आहेत, बूट मांडीवर, पाय उघडे. सगळ्यात लहान दिसणाऱ्याच्या टाचेवर बुटानं फोड आला आहे. तो वाकून त्यावर फुंकर घालतो आहे.

मी घागर भरली, डोक्यावर घेतली आणि चढण चढून गेले.

अक्काला सांगितलं, उन्हानं डोळे दिपले, काही दिसलं नाही. चौथ्या दिवशी त्याच पोलिसांनी आमच्या दलातल्या दोघांना घेरून ठार मारलं. त्यांतल्या एकानं मला बंदूक धरायला शिकवलं होतं.

मी घरी परतले, तुला घागरीचं सांगितलं. लढा संपल्यावर घरी येईल त्याला तू सांगायचास, "माह्या पोरीनं माह्यासाठी घागर उचलली." मी मान हलवायचे. ते दोघे आठवले की मीही स्वतःला हेच सांगायचे. बापासाठी केलं म्हटलं की थोडी झोप लागते.

हे पत्र लुगड्यांखाली ठेवून देणार आहे. बा, तू पोहून निघशील याची मला खात्री होती. त्या वेळी मी फक्त ती फोड आलेली टाच पाहत होते, तुझ्याकडे पाहिलंसुद्धा नव्हतं.