हार्बर हेरल्डने न छापलेले नाव

मी, राबिया हुसेन तांबोळी, वय सत्त्याहत्तर, अविवाहित, राहणार दौंड, जिल्हा पुणे, हे लिहून ठेवते. माझी बुद्धी शाबूत आहे, कोणाचा दाब नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. विचारणारेच कोणी नव्हते.

१. वडील मूळचे शिरूरचे. सिंगापुरात 'हार्बर हेरल्ड' या इंग्रजी दैनिकाच्या छापखान्यात ते मशिनमन होते. माझा जन्म तिथलाच. शाळा संपल्यावर मीही तिथे प्रुफे वाचू लागले. १९४२ साली जपान्यांनी शहर घेतले, गोऱ्या संपादकांना छावणीत कोंडले आणि पेपर इंग्रजीतच चालू ठेवला. नाव नवे, बातम्या त्यांच्या. पोटासाठी आम्ही कामावर राहिलो.

खिळे जुळवणारा आमचा कंपोझिटर लिम सेंग चोरून रेडिओ ऐके आणि खऱ्या बातम्यांच्या चिठ्ठ्या छापून वाटे. आम्ही लग्न करणार होतो. त्याला धरून नेले. तुरुंगाच्या फाटकावर मी त्याचे धुतलेले कपडे देई, मळके परत मिळत. एके दिवशी शिपायाने गाठोडे घेतलेच नाही.

युद्ध संपले. संपादक छावणीतून आले, नुसती हाडे उरलेले. पेपर जुन्या नावाने निघाला. युद्धात गेलेल्या आपल्या माणसांची नावे पहिल्या पानावर घेतली होती. प्रूफ माझ्यापुढे आले. त्यात लिम नव्हता. मी संपादकांना विचारले.

"मिस राबिया, तो जपान्यांच्या पेपरात नोकरीला होता."

"मीही होते, साहेब."

"म्हणूनच हा विषय वाढवू नका."

प्रूफ तसेच टाकून मी उठले. पुढे वडिलांबरोबर दौंडला आले. इथे मराठी शिकले, रेल्वेवाल्यांच्या मुलांना इंग्रजी शिकवले. लग्न का केले नाही, ते आज प्रथमच लिहिते आहे.

२. बँकेतल्या पैशांतून माझे कफन-दफन व्हावे. नंतर सिंगापूरच्या एखाद्या इंग्रजी पेपरात जाहिरात द्यावी. तिच्यात माझे नाव नको. मजकूर एवढाच: 'लिम सेंग, कंपोझिटर, हार्बर हेरल्ड. त्याने दिलेल्या बातम्या खऱ्या होत्या.' उरलेले पैसे पुतण्या अफताबचे.

३. अफताब कुरकुंभला केमिकल कंपनीत शिफ्ट करतो. मी दवाखान्यात असताना त्याने मी सिंगापूरहून आणून जपलेले हेरल्डचे सगळे अंक रद्दीत घातले. "फुफी, वाचतंय कोण ते?" म्हणाला. मी त्याला माफ केलेले नाही. तरी वारस तोच आहे. माझ्या घराच्या पुढच्या दोन खोल्या त्याच्या.

४. मागची खोली शेजारीण झुंबरबाई यांना द्यावी. शरियतीप्रमाणे तिसऱ्या हिश्श्यापर्यंत बाहेरच्याला देता येते, आणि ही खोली त्याहून कमी भरते. अफताबने भांडू नये. काल हे कलम वाचून दाखवले तर झुंबरबाईच भांडल्या.

"म्या काय केलं वो तुमच्यासाठी? माझी भाकर बी कवा खाल्ली न्हाई तुम्ही."

"रोज सकाळी दार वाजवता."

"ते व्हय? ते तर जित्या हाय का बघाया."

"तेच. दुसरं कोणी बघत नाही."



वरील मजकूर मी वाचला, दोन चुका दुरुस्त केल्या आणि साक्षीदारांच्या डोळ्यांदेखत सही केली. ज्याला मिळायचे त्याची साक्ष घेऊ नये, असे वकील म्हणाले. म्हणून झुंबरबाईंचा अंगठा इथे नाही. त्या दारात बसून आहेत.

सही: राबिया हुसेन तांबोळी

साक्षीदार:
१. तात्याबा रामभाऊ शितोळे, निवृत्त रेल्वे गार्ड
२. शोएब करीम मणियार, दुकानदार

दौंड, ९ फेब्रुवारी १९९८