कैद भोगली, दंड बाकी

बाबा, गेल्या आठवड्यात कळंबच्या कोर्टातून आपल्या बँडचे पैसे मिळाले. पूर्ण मिळाले. तुमच्या माघारी बँड मीच चालवतो. क्लॅरिनेट मात्र अजून तुमच्यासारखी वाजत नाही. दिग्रसचा एक ठेकेदार लग्नांची बुकिंग घ्यायचा. एका लग्नसराईत आम्ही त्याच्यासाठी घाटंजीपासून पुसदपर्यंत वाजवत फिरलो. सराई संपल्यावर त्यानं चेक दिला आणि तो बँकेतून परत आला. खात्यात पैसेच नव्हते. वकिलाच्या नोटिशीला त्यानं उत्तरही दिलं नाही, तेव्हा मी केस टाकली.

तारखेला जाताना मला एक जुना दिवस आठवायचा. मी लहान आहे, आदल्या दिवशीच्या लग्नाची बिदागी मागायला तुम्ही मला सोबत नेलंय. घरमालक आत जेवतोय आणि आपण अंगणात उन्हात उभे. मी कंटाळून फाटकाबाहेर निघालो तसं तुम्ही दंड धरून मागे ओढलंत. "कायले पळतं? भीक मांगाले नाही आलो आपण. वाजवलं त्याचे पैसे घ्याले आलो. उभा राह्य." ऊन उतरेपर्यंत आपण उभे राहिलो, आणि पैसे घेऊनच निघालो.

कोर्टानं ठेकेदाराला दोषी धरलं. दंड झाला, त्यातून मला भरपाई द्यायची, आणि दंड भरला नाही तर काही महिने कैद, असा हुकूम निघाला. अपिलातही तो हरला. आता तरी भरेल, असं मला वाटलं. पण तो सरळ जेलात गेला, कैद भोगून आला आणि एस.टी. स्टँडजवळच्या टपरीवर भेटला तर हसत म्हणतो, "जेल भोगून आलो ना भाऊ. तुहा-माहा हिशोब फिटला आता." आपले ढोलवाले काका, तुमच्या वेळचे, तेही म्हणाले, "जाऊ दे लेका. कोर्टाच्या पायऱ्या झिजवून कोनाचं भलं झालं?" हेच पैसे अडकल्यामुळे त्यांच्या सुनेचं बाळंतपण उसनवारीवर निभलं होतं, तरी ते असं म्हणत होते. मला त्यांचा राग आला, आणि त्यांच्यासाठीच मी पुन्हा वकीलबाईंकडे गेलो. त्या म्हणाल्या, "कैद भोगली म्हणून हा दंड माफ होत नाही. त्यातून भरपाई द्यायची आहे, त्यामुळे कोर्ट जप्तीचं वॉरंट काढू शकतं. पण परत तारखा लागतील. जमेल?" मी म्हणालो, जमेल.

वॉरंट निघालं. मालमत्ता दाखवायला मी पोलिसांसोबत दिग्रसला गेलो. दारात त्याच्याच नावावरची नवी पिकअप उभी होती, समोर झेंडूचा हार. पंचनामा सुरू झाला तशी त्याची म्हातारी आई बाहेर आली.

"बँडवाले भाऊ, माह्या लेकाच्या वरातीत तुम्हीच वाजवलं ना? मंग आमच्या दारात हे काहून करून राह्यले?"

तिथून निघून जावंसं वाटलं, बाबा. पण पाय हलवले नाहीत. म्हणालो, "वाजवलं ना आजी. त्या वरातीचे पैसे मिळाले होते. नंतर वाजवलं त्याचे घ्याले आलो." ती आत गेली. गाडी ठाण्यात जमा झाली. लिलाव व्हायच्या आधीच ठेकेदारानं कोर्टात सगळी रक्कम भरली, माझ्याकडे न बघता.

काकांना त्यांचा वाटा दिला. त्यांनी नोटा न मोजताच खिशात घातल्या, मग तोंड फिरवून डोळे पुसले. "आता कोनाचा चेक घेऊ नको," एवढंच म्हणाले, आणि आम्ही सगळे हसलो.

हे तुमच्यापर्यंत पोचायचं नाही, म्हणूनच एक सांगून टाकतो. पोरांना लग्नात आता डीजे पाहिजे असतो. माझ्या वाट्यातून मी यवतमाळला एका साउंड सेटचा विसार देऊन आलोय. बँड बंद करणार नाही, दोन्ही चालवीन. पण तुम्ही समोर असता, तर हे सांगायची माझी हिंमत झाली नसती.