सुमनचे केस

रविवार, दिवेलागण, २००५

आज नात पिंकी सिंदी मेघेवरून आली, म्हणून मले लय आनंद. तिनं सीडीवर भुताचा सिनेमा लावला. जुन्या काळातलं परदेशी खेडं, सारे देवभोळे. एका बाईचं लेकरू गेलं, ती बोलेना, जेवेना, तर गावानं सैतान लागला म्हणून तिले बांधलं. पिंकी म्हणे, "आजी, भूत कधी येते?" मी म्हटलं, "भूत नाईच त्यात, बाई." अन् मी रडलीच.

माह्या धाकट्या जावेचं, सुमनचं, लेकरूही असंच गेलतं. ती नुसती चुलीपुढं बसून राहे. भगत म्हणे, बाहेरचं आहे. त्यानं मिरच्यांची धुरी देल्ली, तवा मागून तिचे केस मीच धरले. काऊन धरले? मले खरंच भूत वाटलं, का सारे 'धर' म्हणत होते म्हणून?

आताच सुमनले आंजी गावी फोन लावला. म्हटलं, "सुमन, तुहे केस त्या दिवशी..."

ती म्हणे, "सोडा ना जाऊबाई. सासूबाईनं धरले होते, मले मालूम आहे. त्यायच्या तेरवीलेही मी रडली नाई."

सासूबाई तर तवा आंगणात रडत होत्या, पोरीले सोडा म्हणत होत्या.

मी म्हटलं, "कापूस निघाला का?" अन् फोन ठेवला.